युंगफ्राउयोखची एक दिवसाची सहल: आई-बाबांना घेऊन जाणाऱ्यांसाठी

स्वित्झर्लंडमध्ये, आल्प्सच्या बर्फातल्या युंगफ्राउयोखला जायचं ठरलं की घरात पहिला प्रश्न तिकिटाचा निघतो आणि दुसरा थंडीचा. मला कुणी विचारलं तर मी म्हणते, आधी हे विचारा की वर किती वेळ मिळणार.

आम्ही पहिल्यांदा गेलो ते आई-बाबांना घेऊन, झुरिकहून निघणाऱ्या एका दिवसाच्या सहलीत. वाटेत दोन ठिकाणी फोटोसाठी थांबे झाले, एक दुकान झालं, आणि वर पोचल्यावर गाईडने आमच्या हातात जेमतेम सव्वा तास ठेवला. एवढे पैसे भरलेत तर सगळं बघून घेऊ म्हणून आम्ही धावलो. वरच्या लिफ्टपाशी बाबांचा चेहरा पांढराफटक पडला आणि ते भिंतीला टेकून खालीच बसले. पाणी पिऊन, वीसेक मिनिटं स्वस्थ बसून ते सावरले, पण तोवर परतीची वेळ झाली. हिमनदी त्यांनी पाहिलीच नाही. दोन वर्षांनी त्यांना पुन्हा नेलं, तेव्हा नीट चौकशी करून नेलं. खाली जे लिहिलंय ते त्या दुसऱ्या खेपेचं आहे.

ही जागा नेमकी काय आहे

आपल्याकडचे टूरवाले 'जुंगफ्राऊ' म्हणतात आणि शिखर म्हणून सांगतात. प्रत्यक्षात आपण जातो ती खिंड आहे. 'योख' म्हणजे खिंड, आणि बैलाच्या मानेवरचं जूसुद्धा. आपला 'जू', संस्कृतमधला 'युग' आणि जर्मन 'योख' हे एकाच कुळातले शब्द आहेत. एका बाजूला युंगफ्राउ (४१५८ मीटर), दुसऱ्या बाजूला म्योंख, आणि मध्ये दोन बैलांवर जू टेकावं तशी ही खिंड. इथलं स्टेशन ३४५४ मीटरवर आहे, युरोपातलं सर्वांत उंच रेल्वे स्टेशन. कळसूबाई १६४६ मीटर. म्हणजे कळसूबाईवर आणखी एक कळसूबाई ठेवली तरी स्टेशन वरच राहतं.

झुरिकचे उद्योगपती आडोल्फ गुयर-झेलर यांनी १८९३ मध्ये या रेल्वेचा आराखडा मांडला. डोंगराच्या बाहेरून वाट काढण्याऐवजी म्योंख आणि त्याच्या शेजारचं आयगर या शिखरांच्या पोटातून बोगदा न्यायचा, ही त्यांची कल्पना. १८९६ ला काम सुरू झालं, १८९९ ला ते स्वतः गेले, आणि गाडी वर पोचली १ ऑगस्ट १९१२ ला, स्वित्झर्लंडच्या राष्ट्रीय दिनी. बोगदा खोदणारे बहुतेक मजूर इटलीतून आलेले होते आणि सुरुंगाच्या अपघातांत त्यांतल्या कित्येकांचे जीव गेले. नऊ किलोमीटरहून थोड्या लांब मार्गातले सात किलोमीटर बोगद्यात आहेत. रुळांच्या मध्ये दातेरी पट्टी असते, गाडीखालचं दातेरी चाक त्यात अडकतं, आणि चार मीटर पुढे जाताना एक मीटर चढावा असा चढ गाडी मागे न घसरता चढते.

मुक्काम कुठे करायचा

सहलीचं यश निम्मं इथेच ठरतं. झुरिकहून पायथ्याकडच्या इंटरलाकेन ओस्ट स्टेशनपर्यंत रेल्वेने दोन तास, ल्युसर्नहून ब्रुनिगच्या घाटातून जवळपास तेवढेच. तिथून वर जायला आणखी दीड-दोन तास. म्हणजे झुरिकहून निघून त्याच दिवशी परतणाऱ्या सहलीत आठेक तास प्रवासातच जातात. तरणी मंडळी असतील तर ठीक आहे. साठीच्या पुढचं कुणी असेल तर आदल्या रात्री इंटरलाकेन, ग्रिंडेलवाल्ड किंवा वेंगेनला राहा आणि गाईड तिथे भेटेल अशी सहल घ्या. आदली रात्र हजार मीटरच्या आसपास काढली की शरीरालाही थोडी सवय होते. ग्रिंडेलवाल्ड १०३४ मीटरवर आहे, वेंगेन १२७४ वर.

बुकिंग करताना काय विचारायचं

सगळ्यात आधी, वर किती वेळ. अडीच तासांपेक्षा कमी असेल तर मी ती सहल घेत नाही. जाहिरातीत 'युंगफ्राउयोख, चार तास' असं लिहिलेलं असतं आणि त्यात चढणं-उतरणंही धरलेलं असतं. म्हणून 'वरच्या स्टेशनवर उतरल्यापासून परतीच्या गाडीत बसेपर्यंत' असे शब्द वापरून विचारा.

मग विचारा की डोंगरातल्या रेल्वेचं तिकीट किमतीत धरलंय का. काही सहली स्वस्त दिसतात, कारण त्यात फक्त पायथ्यापर्यंतची बस असते. इंटरलाकेनहून जाऊन-येऊन पूर्ण तिकीट दोनशे फ्रँकच्या वर जातं, त्यामुळे हा फरक फार मोठा पडतो. तुमच्याकडे स्विस ट्रॅव्हल पास असेल तर ग्रिंडेलवाल्ड किंवा वेंगेनपर्यंतचा प्रवास त्यात येतो आणि पुढच्या तिकिटावर २५ टक्के सूट मिळते. हाफ फेअर कार्डावर निम्मी सूट. पासधारकांसाठी सहलीचा दर वेगळा आहे का हे विचारल्याशिवाय पैसे भरू नका, नाहीतर एकाच प्रवासाचे दोनदा जातात.

गाईड वर सोबत येतो, की गाडीत बसवून देतो आणि खाली वाट पाहतो? माझ्या मते गाईडचे पैसे वसूल होतात ते वरच. कुठे कधी गर्दी असते आणि ढग येताना दिसला की आधी कुठे पळायचं, हे त्याला माहीत असतं. शेवटच्या टप्प्यातल्या जागा राखून ठेवलेल्या आहेत का हेही विचारा. मे-जूनमध्ये, आपल्याकडच्या सुट्ट्यांच्या दिवसांत, आरक्षण नसेल तर ऐन वेळी दोन-दोन गाड्या सोडाव्या लागतात.

शेवटचं, आणि हे मी बाबांच्या अनुभवातून शिकले: तिकीट ज्याचं त्याच्या हातात द्या म्हणून सांगा. सगळ्यांची तिकिटं गाईडच्या खिशात राहिली आणि एखाद्याला लवकर उतरायची गरज पडली, तर आधी गाईडला शोधत फिरावं लागतं.

मुंबई-पुण्याहून दहा दिवसांच्या ग्रुप टूरमध्ये जाणाऱ्यांच्या हातात यातलं फार काही नसतं. पण वरच्या तासांचा प्रश्न त्यांनीही निघण्यापूर्वी विचारावा. चार जणांनी विचारला की वेळापत्रक हलतं, हे मी पाहिलंय.

कोणता दिवस

गाडी वर्षभर चालते आणि बर्फही वर्षभर असतं. उन्हाळ्यात दुपारनंतर ढग चढतात, म्हणून जितकं लवकर जाल तितकं चांगलं. वरच्या कॅमेऱ्याचं थेट चित्र रेल्वेच्या संकेतस्थळावर दिसतं, आणि तिथल्या बऱ्याच हॉटेलांतल्या टीव्हीवरही. खाली पाऊस म्हणजे वर धुकं, असं धरून चालू नका. कधी कधी ढग खालीच अडकलेले असतात आणि वर लख्ख ऊन असतं. उलटही होतं.

यासाठी त्या भागात दोन रात्री ठेवा आणि सहल शक्य तितकी उशिरा पक्की करा, किंवा तारीख बदलून देणारी घ्या. आम्ही दुसऱ्या खेपेला एक दिवस पुढे ढकलला. पहिल्या दिवशी कॅमेऱ्यात नुसता पांढरा पडदा होता.

तयारी: कपडे, औषधं, डबा

खाली पंचवीस अंश असले तरी वर शून्याच्या आसपास असतं आणि वारा असला तर आणखी बोचतं. एक जाडजूड जाकीट घालण्यापेक्षा आत थर्मल, मध्ये स्वेटर आणि वरून वारा अडवणारं जाकीट, असे थर बरे, कारण आतल्या दालनांत उबदार असतं आणि तिथे घाम येतो. आई साडीतच आली होती: आत थर्मल, जाड मोजे आणि बूट, निऱ्या दोन बोटं वर. काही अडलं नाही. चपला-सँडल मात्र अजिबात नको, दाबलेलं बर्फ काचेसारखं निसरडं असतं.

गॉगल विसरू नका. थंडी सोसता येते, पण ताज्या बर्फावरून परतणारा प्रकाश डोळ्यांना सोसत नाही. ढगाळ असलं तरी डोळे चुरचुरतात आणि रात्री पाणी येत राहतं. सनस्क्रीन चेहऱ्याइतकंच हनुवटीखालीही लावा, कारण ऊन खालूनही येतं.

आता उंचीचं. वर हवेचा दाब समुद्रसपाटीच्या दोन-तृतीयांशापेक्षा थोडा कमीच असतो, म्हणजे प्रत्येक श्वासात ऑक्सिजनही तेवढाच. डोकं जड होणं, धाप लागणं, मळमळणं हे तरुणांनाही होतं. हृदयाचा किंवा फुप्फुसाचा त्रास असलेल्यांनी, नुकतीच शस्त्रक्रिया झालेल्यांनी आणि गरोदर बायकांनी मुंबई-पुण्यातच आपल्या डॉक्टरांना '३४५४ मीटर, दोन-तीन तास' असं नेमकं सांगून विचारावं. उंचीच्या त्रासावरची गोळीही त्यांच्याच सल्ल्याने. तान्ह्या बाळांना मी नेणार नाही, कान दुखतोय हे त्यांना सांगता येत नाही. कोविडमध्ये घेतलेला ऑक्सिमीटर बरेच जण सोबत नेतात. वर धडधाकट माणसाचा आकडाही नव्वदच्या खाली जातो, त्यामुळे आकडा बघून घाबरू नका. पण आकडा चांगला आहे म्हणून माणसाच्या तक्रारीकडे दुर्लक्षही करू नका. थोडं बसूनही डोकेदुखी वाढत गेली, उलटी झाली, बोलणं-चालणं अडखळलं, तर गाईडला सांगा आणि पुढची गाडी पकडून खाली या.

सकाळी हलका नाश्ता, रात्री दारू नाही, आणि प्रत्येकाजवळ पाण्याची बाटली. स्टेशनांवर, गावांत नळाचं पाणी पिण्यालायक असतं, विकत घेऊ नका.

डब्यासाठी खाकरा, चिवडा घ्या, आणि तुपातल्या गूळपापडीपेक्षा शेंगदाण्याचे लाडू बरे, कारण दूधदुभत्याचे आणि मांसाचे पदार्थ भारतातून स्वित्झर्लंडमध्ये नेता येत नाहीत. तूप, पेढे, खवा घरीच राहू द्या. वर भारतीय जेवणाचं रेस्टॉरंट आहे, ते हंगामात चालतं आणि दुपारी तिथे आपल्या ग्रुपांची रांग लागते. जैन जेवण हवं असेल तर सहलवाल्यांना आधी कळवा.

चढायच्या दोन वाटा

इंटरलाकेन ओस्टहून सुटणारी गाडी त्स्वायल्यूत्शिनेनला दुभंगते. काही डबे ग्रिंडेलवाल्डला जातात, काही लाउटरब्रुनेनला. डब्यावरची पाटी वाचूनच बसा. गाईड असला तरी आपली माणसं शौचालय शोधायला दुसऱ्या भागात गेलेली असतात, तेव्हा हे आधीच पुन्हा पुन्हा सांगा.

ग्रिंडेलवाल्डच्या वाटेवर टर्मिनल स्टेशनला उतरलं की आयगर एक्स्प्रेस हा रोपवे लागतो. डिसेंबर २०२० मध्ये तो सुरू झाला. ९४३ मीटरवरून २३२० मीटरवरच्या आयगरग्लेचरला पंधरा मिनिटांत नेतो. डाव्या काचेशी बसा, आयगरचा उत्तरेकडचा कडा अगदी अंगावर येतो. गुडघ्यांचा त्रास असलेल्यांना ही वाट सोपी, पायऱ्या जवळजवळ लागतच नाहीत.

दुसरी वाट जुनी. लाउटरब्रुनेनला सुमारे तीनशे मीटरवरून कोसळणारा श्टाउबबाख धबधबा स्टेशनजवळूनच दिसतो, तिथून दातेरी रेल्वेने वेंगेन, मग २०६१ मीटरवरचं क्लायने श्यायडेग, आणि तिथे गाडी बदलून वर. वर जाताना उजवीकडे बसा. ही वाट वेळ जास्त घेते, आणि नेमक्या त्याच कारणासाठी मी आई-बाबांना हिनेच नेते. रोपवेने गेलं तर तासाभरात अडीच हजार मीटर चढून होतात. या वाटेने श्यायडेगला गाडी बदलताना अर्धा-पाऊण तास बाकावर बसता येतं, चहा होतो, कान मोकळे होतात. तरुण असाल तर उलट करा: रोपवेने झटकन चढा, वरचा वेळ वाढवा आणि उतरताना वेंगेनच्या वाटेने सावकाश या. कित्येक सहलींमध्ये अशी गोल फेरी असतेच, नसेल तर मागा.

आयगरग्लेचरनंतर गाडी बोगद्यात शिरते ती वर पोचेपर्यंत बाहेर येत नाही. एकाच ठिकाणी थांबते: आइसमेअर, ३१५० मीटरच्या वर, पाचेक मिनिटं. सगळे धावत खिडक्यांकडे जातात. तुम्ही चालत जा. खडक फोडून केलेल्या त्या खिडक्यांतून मोडक्यातोडक्या निळसर बर्फाचे सुळके दिसतात, काचेला बोट लावलं की गारवा हाडात शिरतो. शौचालयही इथेच आहे. आमच्या मुलाच्या हातातलं चिवड्याचं पाकीट इथवर येईपर्यंत उशीसारखं फुगलं होतं. बाहेरचा दाब कमी होतोय हे त्याला मी पुस्तकातून समजावू शकले नसते. उतरताना गाडी सहसा इथे थांबत नाही, म्हणून जे पाहायचं ते चढतानाच.

वर पोचल्यावर कोणत्या क्रमाने

उतरल्यावर पहिली दहा मिनिटं काहीही करू नका. स्टेशन खडकाच्या पोटातच आहे. सगळी गाडी रिकामी होऊन झुंबड पुढे जाते, तिला जाऊ द्या. बसा, घोटघोट पाणी प्या. दुसऱ्या खेपेला आमची गाईड ग्रिंडेलवाल्डकडची होती, पन्नाशीची बाई. तिने बाबांची चाल बघितली आणि स्वतः त्यांच्या पुढे एका पावलावर चालायला लागली, इतक्या हळू की बाबांना तिला ओलांडताच येईना. तेवढ्याने काम झालं. घरातल्या एका शांत माणसाला ही जबाबदारी द्या: सगळ्यात पुढे राहून सगळ्यात हळू चालायचं.

आकाश मोकळं असेल तर आधी स्फिंक्स, म्हणजे लिफ्टने जायची सगळ्यात वरची गच्ची, बाकी सगळं नंतर. बर्फाचा महाल धुक्यातही तसाच दिसतो, पण हिमनदी ढगाआड गेली की गेली. लिफ्ट शंभराहून जास्त मीटर काही सेकंदांत चढते, कानात दडे बसतात, आवंढा गिळत राहा. वर वेधशाळा आहे आणि तिच्याभोवती गच्ची, ३५७१ मीटरवर. इथे १९३१ पासून संशोधन केंद्र चालतं.

गच्चीच्या दक्षिणेला 'आलेच' नावाची हिमनदी पसरलेली दिसते. आल्प्समधली ही सर्वांत लांब हिमनदी, वीस किलोमीटरच्या आसपास, २००१ पासून जागतिक वारसा यादीत. पहिल्या नजरेला ती नुसता पांढरा पट्टा वाटते. दोन मिनिटं बघत राहिलं की तिच्यावरच्या लांबच लांब काळ्या रेघा दिसू लागतात. कडेच्या डोंगरांनी टाकलेले दगड नदीसोबत वाहत चाललेले असतात, त्यांच्या त्या रेघा. दोन हिमनद्या एकत्र येतात तिथे रेघाही शेजारी येतात आणि पुढे समांतर जातात. बाबांनी कठड्याला धरून हे पाहिलं आणि म्हणाले, "ही वाहतेय की गं." ती वितळतेही आहे, दर वर्षी मागे सरते आहे. म्हणूनच पाहायची असेल तर नीट, वेळ देऊन पाहावी असं मला वाटतं.

इथे सह्याद्री आठवतो. महाबळेश्वरला माथ्याच्या एका अंगाला पडलेला पाऊस अरबी समुद्राला जातो आणि दुसऱ्या अंगाचा बंगालच्या उपसागराला. या खिंडीचंही तेच आहे. दक्षिणेचं बर्फ वितळून रोन नदीतून भूमध्य समुद्राला जातं, उत्तरेचं ऱ्हाइनमधून उत्तर समुद्राला. मुलांना गच्चीच्या दोन्ही बाजूंना उभं करून हे दाखवा.

मग बर्फाचा महाल. १९३४ मध्ये ग्रिंडेलवाल्ड आणि वेंगेनच्या डोंगर-वाटाड्यांनी हिमनदीच्या आतच खोदलेला. जमीन गुळगुळीत बर्फाची आहे, कठडा धरूनच चाला आणि त्यासाठी हातमोजे घाला. ज्यांचा तोल जातो त्यांनी हा भाग सोडला तरी फार काही चुकत नाही.

मोकळ्या बर्फावर पठाराच्या बाजूने जाता येतं. दोरीच्या पलीकडे पाऊल टाकायचं नाही, फोटोसाठीही नाही. हिमनदीतल्या भेगांवर पातळ बर्फाची साय धरते आणि ती वरून ओळखू येत नाही. उन्हाळ्यात म्योंखच्या बाजूला ३६५० मीटरवरच्या झोपडीपर्यंत दाबून सपाट केलेली वाट असते, पाऊण ते एक तासाची चाल. चांगले बूट आणि भरपूर वेळ असेल तरच जा. सहलीच्या वेळेत ते बहुधा बसत नाही, गाईडला विचारल्याशिवाय तर निघूच नका.

चहा शेवटी घ्या आणि त्याच्याकडून फार अपेक्षा ठेवू नका. या उंचीवर पाणी नव्वद अंशांच्या आतच उकळतं, पत्ती हवी तशी उतरत नाही.

परत येताना

गाईडने सांगितलेल्या वेळेच्या पंधरा मिनिटं आधी फलाटावर या. बोगद्यात फलाटापर्यंतचं अंतर छोटं वाटतं, पण त्या हवेत म्हाताऱ्या पायांना वेळ लागतो. शेवटची गाडी कितीची हे सकाळीच बघून ठेवा.

उतरताना बहुतेकांना गाडीत झोप येते. झोपू द्या, पण आधी सगळ्यांना पाणी पाजा आणि मुलांना काहीतरी चघळायला द्या. क्लायने श्यायडेगला हाताशी वेळ असला तर खाली उतरा. आयगर, म्योंख, युंगफ्राउ तिन्ही शिखरं तिथून ओळीने समोर दिसतात. आम्ही कुंपणाशी असलेल्या बाकावर बसलो, आईने पिशवीतून लाडवांचा डबा काढला, आणि बाबांनी बोट दाखवून तिला सांगितलं की म्योंख आणि युंगफ्राउच्या मधे जी खाच दिसते ना, तिथे आपण सकाळी होतो.